टबातली बाई

रविवारी मिक्सर लावायचा नाही हा जर्मनीचा नियम सुरेखाने पस्तीस वर्षं मुकाट पाळला होता. त्या रविवारी सकाळी मात्र तो मोडावा असं तिला फार वाटलं. मिक्सरच्या घरघरीत निदान स्वयंपाकघरातलं बोलणं हॉलपर्यंत गेलं नसतं.

"ताईला सांगू या का, की खेळ रद्द झाला म्हणून?" टायची गाठ मारत वासुदेव कुजबुजला. सकाळपासूनची ही त्याची तिसरी कल्पना.

"अहो, काहीतरीच काय. वन्सं आठ वाजल्यापासून तयार होऊन बसल्यात. पर्स मांडीवर घेऊन." सुरेखा क्वार्कचं, म्हणजे तिथल्या चक्क्याचं, श्रीखंड काचेच्या भांड्यात काढत होती.

"मग बघू दे. बघायचंच आहे तिला."

"बघू दे काय? आणि बघून उठल्यावर त्या नाही म्हणाल्या तर स्वरूपाच्या लग्नाचं काय करायचं?"

वासुदेवने टायची गाठ सोडली आणि पुन्हा मारायला घेतली. गाड्यांच्या कारखान्यात सदतीस वर्षं ब्रेकचं काम केलेल्या या माणसाला घरात वेळेवर ब्रेक लावता येत नाही, हे सुरेखाचं जुनं गाऱ्हाणं होतं.

वन्सं म्हणजे वासुदेवची थोरली बहीण शुभाताई. पुण्याहून येऊन त्यांना आठ दिवस झाले होते. मुलींच्या शाळेतून मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त होऊन नऊ वर्षं उलटली तरी त्यांच्यासमोर बसलेल्या माणसाला आपली नखं वाढलीयेत की काय अशी शंका येई. वासुदेवची लेक स्वरूपा हिचं लग्न डिसेंबरात पुण्याला व्हायचं होतं आणि त्याची सगळी सूत्रं शुभाताईंच्या हातात होती. कार्यालय त्यांनी ठरवलं, गुरुजी त्यांनी ठरवले, आमंत्रणांची यादीही त्यांच्याच अक्षरात होती. त्या यादीत एक नाव नव्हतं. केतोचं.

केतो म्हणजे शरदचंद्राची बायको. शरदचंद्र तिघा भावंडांतला थोरला. सिनेमाचा कॅमेरा शिकायला मॉस्कोला गेला, जॉर्जियातल्या एका नटीशी लग्न केलं, तिच्याच तिबिलिसी शहरात राहिला आणि चौदा वर्षांपूर्वी तिथेच गेला. पुढे तिकडे यादवी माजली, वीज जायला लागली, पाव मिळेना, तेव्हा वासुदेवने वहिनीला आपल्याजवळ, झिंडेलफिंगेनला आणलं. त्यालाही बारा वर्षं झाली. एकेकाळी पोस्टरवर झळकलेली बाई इथे वृद्धाश्रमाच्या स्वयंपाकघरात बटाटे सोलून निवृत्त झाली आणि दहा मिनिटांवरच्या एका खोलीत राहत होती. सोळा वर्षांची स्वरूपा आईशी रोज भांडून रोज त्याच खोलीवर जायची. आता ती वाल्डॉर्फला सॉफ्टवेअर कंपनीत होती, अठ्ठावीस वर्षांची होती, आणि तिचं म्हणणं सरळ होतं. केतोकाकू लग्नाला नसेल तर मीही नाही.

शुभाताईंनी ते ऐकून घेतलं होतं. "बघू," एवढंच त्या म्हणाल्या. आणि दुसऱ्याच दिवशी खुद्द केतो पाच तिकिटं घेऊन दारात उभी राहिली. श्टुटगार्टच्या एका लहानशा थिएटरात तिचा चव्वेचाळीस वर्षांपूर्वीचा पहिला सिनेमा दाखवणार होते, रविवारी सकाळी अकराला. माझं काम तुम्ही कधी बघितलं नाही, तेव्हा या, असं ती शुभाताईंना म्हणाली. शुभाताईंनी तिकीट चष्मा लावून वाचलं आणि वासुदेवकडे वळून म्हणाल्या, "येते मी. सिनेमा बघते, मग यादीचं सांगते."

आता हा सिनेमा घरात कुणीही पाहिलेला नव्हता. पण त्यात केतो टबात बसून अंघोळ करते, अंगावर सूतही न ठेवता, हे चाळीस वर्षं सगळ्यांना पक्कं ठाऊक होतं. ठाऊक नसलेल्या फक्त दोघी. एक स्वरूपा, कारण तिला सांगायची कुणाची छाती नव्हती. आणि दुसरी केतो स्वतः.

सुरेखा लग्न होऊन घरात आली तेव्हा सासूबाईंनी तिला हे बाजूला घेऊन सांगितलं होतं, आणि पुन्हा त्या बाईचा विषय काढू नकोस म्हणून बजावलं होतं. ते डोक्यात इतकं बसलं की केतो जर्मनीत आल्यावर पहिले सहा महिने सुरेखाने तिला आपल्या बाथरूममधला टब नीट दाखवलासुद्धा नव्हता. मग सुरेखाचं मोठं ऑपरेशन झालं. तेव्हा सहा आठवडे रोज सकाळी केतो यायची, त्याच टबाच्या काठावर बसून तिच्या अंगावर कोमट पाणी घालायची, पाठ चोळायची, आणि हे सगळं इतक्या सहजपणे करायची की सुरेखाला आपल्याच मनाची लाज वाटली. तेव्हापासून सुरेखा मनातून जावेच्या बाजूची झाली. पण नणंदेसमोर ते बोलायचं धैर्य तिला अजून झालं नव्हतं. आजही होईल असं काही वाटत नव्हतं.

*

केतो खालीच, फुटपाथवर उभी होती. काळा ड्रेस, गळ्याला पांढरी लेस, पिकलेले केस मानेवर बांधलेले, ओठांना लिपस्टिक. वासुदेवने आरशातून मागे पाहिलं. ताईची नजर लिपस्टिकवरच होती.

"सुप्रभात," केतो पुढच्या सीटवर बसत म्हणाली. "मी पहाटे चारला उठलो. झोप नाही. एकोणीस वर्षांचा असताना पण असाच झालेलो, पहिल्या खेळाच्या दिवशी."

केतोचं मराठी शरदचंद्राकडून आलेलं. आयुष्यभर ज्याच्या तोंडून ऐकलं त्याच्यासारखंच ती बोलायची, जातो, येतो, झालो. सुरुवातीला सुरेखाने एकदा सुधारायचा प्रयत्न केला, तर वासुदेवनेच तिला थांबवलं होतं. दादा गेल्यावर ते बोलणं तेवढं त्याचं उरलं होतं.

मागच्या सीटवर शुभाताई खिडकीबाहेर बघत होत्या. आठ दिवसांत त्यांनी केतोला एकदाही कुठल्याही नावाने हाक मारली नव्हती. तिच्याशी बोलायचं तर त्या वासुदेवशी बोलत.

"ह्यांना विचार, किती वेळाचा आहे सिनेमा."

"सत्त्याऐंशी मिनिटं," केतोने परस्पर उत्तर दिलं. "कंटाळा येणार नाही, शुभाताई. मी सांगतो."

ताईला कंटाळा येईल ही वासुदेवची काळजीच नव्हती. ऑटोबानला लागताना त्याच्या मनात वेगळंच चाललं होतं. बारा वर्षांत आपण वहिनीला एकदा तरी सरळ विचारायला हवं होतं, असं त्याला वाटत होतं. वहिनी, तो टबाचा सीन काय होता हो? एवढंच. पण दिराने भावजयीला असलं कसं विचारायचं? दादालाही तो कधी विचारू शकला नव्हता. आमच्या घरात न विचारायच्या गोष्टींचा मान मोठा, असं त्याला वाटून गेलं, आणि एक्झिट चुकता चुकता राहिली.

थिएटरच्या दारात स्वरूपा आधीच उभी होती. वाल्डॉर्फहून दोन गाड्या बदलून आली होती. तिने आत्याला वाकून नमस्कार केला, काकूला मिठी मारली आणि सगळ्यांना रांगेत बसवायला लागली.

"आल्झो, ऐका, आत्या मधे. मी तिच्या शेजारी, म्हणजे मला ट्रान्सलेट करता येईल. मम्मी पलीकडे. बाबा, तुम्ही कुठे चाललात?"

"मी इकडे कडेला बसतो," वासुदेव म्हणाला. तिथून बाहेर जायचं दार जवळ होतं.

*

दिवे गेले आणि शुभाताईंनी पर्स दोन्ही हातांनी धरली.

त्यांना हे टाळता आलं असतं. डोकं दुखतंय म्हटलं असतं तरी कुणी आग्रह केला नसता. पण शुभाताई आयुष्यात कधी परीक्षेला गैरहजर राहिल्या नव्हत्या. शिवाय या प्रकरणाची सुरुवात त्यांच्याच हातून झाली होती, आणि ते घरातल्या सगळ्यांच्या लक्षात असलं तरी बोलून कुणी दाखवलं नव्हतं.

चौसष्ट सालची गोष्ट. त्या तेव्हा सव्वीस वर्षांच्या, पाचवीच्या वर्गाला मराठी शिकवायच्या. शरदचं पत्र आलं होतं, सोबत एका मुलीचा फोटो. लग्न ठरवलंय, पुढच्या वर्षी घेऊन येतो. आईने फोटो देवघराजवळच्या कपाटात ठेवला होता. रोज एकदा काढून बघायची. रंगाने गोरी आहे हो, म्हणायची. नाक चांगलं आहे. आई हळूहळू तयार होत होती, हे शुभाताईंना आजही स्पष्ट आठवत होतं.

त्याच आठवड्यात त्या निबंधाच्या वह्या तपासत बसल्या होत्या. तेव्हा रशियन मासिकं स्वस्तात मिळायची, गुळगुळीत जाड कागदाची, आणि निम्म्या शाळेच्या वह्यांना त्याच कागदाची कव्हरं असायची. ट्रॅक्टर, धरणं, हसऱ्या शेतकरणी. एका वहीवर मात्र तोच चेहरा होता. कपाटातल्या फोटोतला. ओले केस, उघडे खांदे, मान मागे टाकून हसणं, आणि खांद्याखाली लाकडी टबाची कड. त्याखालचं चित्र वहीच्या मापाला कापून गेलेलं. चित्राखाली काही लिहिलं असेल तर तेही कात्रीत गेलेलं.

शुभाताईंनी ते कव्हर काढलं, मुलीला ब्राऊन पेपर दिला आणि ते चित्र घरी नेऊन आईपुढे ठेवलं. आईने ते दोनदा पाहिलं. मग कपाटातला फोटोही काढला, दोन्ही एकत्र घडी करून बंबात घातलं आणि शरदला पत्र लिहायला बसली. पत्र चार ओळींचं होतं. त्या मुलीला या घरात आणायचं नाही. कारण तुला ठाऊक आहे.

कारण लिहिलं नाही. असल्या गोष्टी पत्रात कोण लिहितं?

शरदचं उत्तर महिन्याने आलं. तेही चार ओळींचं. ठाऊक आहे, आणि अशा कारणापुढे मी मान तुकवणार नाही. त्यानंतर तो एकटाच दोनदा आला, आई आजारी असताना आणि आई गेली तेव्हा. दोन्ही वेळा शुभाताईंनी त्याच्या आवडीची भरली वांगी केली, आणि दोन्ही वेळा त्याच्या बायकोची चौकशी केली नाही.

पडद्यावर डोंगर होते, वेली होत्या, काळ्या कपड्यांतल्या बायका होत्या. स्वरूपा कानाशी मराठीत सांगत होती. "गावातले सगळे पुरुष युद्धात गेले ना, आत्या. तिचे तीन भाऊ. एक पण परत नाही आला. आणि आता द्राक्षं तयार झालीयेत."

आणि मग केतो आली. एकोणीस वर्षांची, अनवाणी, डोक्यावर टोपली घेऊन चढण चढणारी. शुभाताई तिच्याकडे बघत राहिल्या. मुलगी काही करत नव्हती, नुसती चालत होती, तरी डोळा दुसरीकडे जात नव्हता. त्यांनी तीसेक वर्षं मुलींना स्नेहसंमेलनात उभं केलं होतं. रंगमंचावर नुसतं चालणं किती अवघड असतं ते त्यांना माहीत होतं. ही पोरगी चांगली आहे, असं त्यांच्या मनात आलं आणि त्या स्वतःवर रागावल्या.

तासाभराने ते आलं. ओले केस. उघडे खांदे. मान मागे टाकलेली, आणि ते हसणं. खाली लाकडी कड. वहीच्या कव्हरवरचं चित्र तसंच्या तसं पडद्यावर, भिंतीएवढं मोठं. सुरेखाने डोळे मिटले. वासुदेव बाहेरच्या दारावरच्या हिरव्या दिव्याकडे बघू लागला. शुभाताईंनी मात्र मान वळवली नाही.

कॅमेरा हळूहळू मागे जायला लागला. मोठ्या गळ्याचा पांढरा ब्लाउज दिसला. कमरेला खोचलेला जाडाभरडा घागरा दिसला. मग एका अख्ख्या झाडाच्या खोडाची कोरलेली, होडीएवढी लांब डोण दिसली, गुरांना पाणी पाजायची असते तशी, आणि तिच्यात गुडघ्यापर्यंत द्राक्षं. केतो ती पायांनी तुडवत होती. भोवतालच्या बायका उन्हातान्हात तिच्या डोक्यावर तांब्याने पाणी ओतत होत्या आणि गात होत्या.

"हे काय करतेय ही?" शुभाताईंनी विचारलं. आवाज शाळेतला होता. पुढच्या रांगेतल्या दोन जर्मन बायकांनी वळून पाहिलं.

"द्राक्षं तुडवतेय, आत्या. वाईनसाठी."

"कपडे घालून?"

"मग काय? तू पण ना, आत्या."

सुरेखाने एक डोळा उघडला. मग दुसरा. मग ती नवऱ्याच्या दिशेने इतकी वाकली की वासुदेवला वाटलं तिला चक्कर आली. "अहो, बघा," ती म्हणाली. "घागरा आहे. अहो, ब्लाउज पण आहे." वासुदेवने पाहिलं. आणि तो त्रेसष्ट वर्षांचा माणूस रुमाल काढून नाक शिंकरायला लागला, कारण दुसरं काय करावं ते त्याला सुचेना. एवढा सुटल्यासारखा तो स्वरूपा झाली तेव्हाही झाला नव्हता.

शुभाताईंनाही हायसं वाटलं, खोटं कशाला बोला. आपल्या भावाने वाईट बाई केली नव्हती. पण त्या हायसं वाटण्याच्या मागोमाग दुसरं काहीतरी आलं आणि ते जाईना. कमरेला खोचलेल्या घागऱ्याखाली दिसले होते ते नुसते गुडघे. चाळीस वर्षांत आपण नदीवर धुणं धुणाऱ्या, भातलावणीला वाकलेल्या किती बायकांचे गुडघे पाहिले असतील, हे त्या मोजत बसल्या, आणि उरलेल्या सिनेमात काय झालं ते त्यांना कळलंच नाही.

दिवे लागल्यावर टाळ्या झाल्या. केतोला पुढे खुर्ची दिली. थिएटरच्या तरुण बाईंनी जर्मनमध्ये प्रश्न विचारले, केतोने जर्मनमध्येच उत्तरं दिली, स्वरूपा आत्याच्या कानाशी भाषांतर करत राहिली. आमच्याकडे डोणीत उतरायचं काम पुरुषांचं, केतो सांगत होती. बाईने उतरलं तर वाईन नासते म्हणायचे. सिनेमा पाहून आजोबा वर्षभर माझ्याशी बोलले नाहीत. लोक हसले. मग त्या बाईंनी विचारलं, तुमचे तीनच चित्रपट आहेत, इतकी चांगली नटी मग गेली कुठे?

केतोने गळ्याची लेस सारखी केली. "लग्न केलं," ती म्हणाली. "मग मला आवाजाची कामं मिळाली. हिंदी सिनेमे आमच्याकडे फार चालायचे. पंधरा वर्षं मी भारतातल्या नायिकांसाठी जॉर्जियन भाषेत रडले. माझा नवरा शेजारी उभा राहून सांगायचा, इथे हुंदका लांब घे."

शुभाताईंनी पर्स उघडली आणि बराच वेळ आत काहीतरी शोधत राहिल्या.

*

जेवण दीड वाजता सुरू झालं. मसालेभात, काकडीची कोशिंबीर, केतोने आणलेली अक्रोडाचं वाटण भरलेली वांग्याची गुंडाळी, आणि श्रीखंड. सुरेखा उगीचच हसत होती. वासुदेव दोनदा वाढून घेऊन तिसऱ्यांदा ताट पुढे करत होता. त्यांना काय झालंय ते केतोला कळत नव्हतं, पण काम आवडलं म्हणून असेल असं तिने धरलं होतं, आणि ती खूश होती.

"मला एक सांगायचंय," शुभाताई म्हणाल्या. त्यांनी भाताला अजून हात लावला नव्हता. आणि आठ दिवसांत पहिल्यांदा त्या सरळ केतोकडे बघून बोलल्या. "तुम्हालाच सांगायचंय."

त्यांनी सगळं सांगितलं. निबंधाची वही, कात्रीने कापलेलं चित्र, बंब, आईचं पत्र. काही गाळलं नाही. "ते चित्र मी घरी नेलं," त्या म्हणाल्या. "आई तयार होती. मी नेलं नसतं तर तुम्ही पुढच्या वर्षी घरात आला असतात."

"व्हास? काय?" स्वरूपाचा चमचा हातातच राहिला. "वहीच्या कव्हरवरून? आत्या, फोर्टी इयर्स? आणि मम्मी, तुला पण माहीत होतं? बाबा?"

वासुदेवने ताट हळूच मागे घेतलं.

केतोला हे नीट समजायला वेळ लागला. भाषेमुळे नाही, भाषा तिला कळली होती. "शरद म्हणायचा, धर्म," ती सावकाश बोलली. "आईला ख्रिश्चन सून नको. म्हणून तो चिडला. अशा कारणापुढे मान तुकवणार नाही म्हणायचा. मी म्हटलो, जाऊ या, मी आईच्या पाया पडतो, शिकतो सगळं. तो नको म्हणाला." ती शुभाताईंकडे वळली. "टब?"

"टब," शुभाताई म्हणाल्या. "चूक झाली आमची. आज डोळ्यांनी बघितलं आणि मनावरचं ओझं उतरलं. तसलं काही नव्हतंच. आता प्रश्न उरला नाही. लग्नाला तुम्ही यायचं. यादीत नाव मी आजच घालते."

सुरेखाने डोळ्यांना पदर लावला. "घ्या हो वहिनी, श्रीखंड घ्या," असं म्हणत तिने केतोच्या वाटीत दोन मोठे डाव वाढले. वासुदेव म्हणाला, "चला, बरं झालं. फार बरं झालं." सगळ्यांचे खांदे एकदम खाली आले. स्वरूपासुद्धा, रागावलेलीच, पण हसायला लागली होती.

केतोलाही हो म्हणायचं होतं. एकेचाळीस वर्षं तिला हेच हवं होतं. शरदने त्या घराचा नकाशा तिला किती वेळा काढून दाखवला होता, इथे मोरी, इथे आईची खाट, इथे शुभा अभ्यास करायची. डोळे मिटूनही ती त्या घरात फिरू शकली असती. एक शब्द पुरणार होता. पण तो शब्द तिच्या तोंडातून येईना. आज सकाळी माझी परीक्षा होती, तिला वाटलं, मला न सांगता. आणि मी पास झालो म्हणून आता मला श्रीखंड.

तिने वाटी बाजूला सारली.

"शुभाताई, आणि असतो तर?"

"काय असतो तर?"

"टबात. कपड्याशिवाय. तर मग यादीत नाव नाही?"

सुरेखाने नवऱ्याकडे पाहिलं. वासुदेवला पुन्हा बाहेरच्या दाराची आठवण झाली.

"नव्हताच ना तुम्ही, वहिनी," तो घाईने म्हणाला. "झालं गेलं सोडा आता."

"पहिल्या सिनेमात नव्हतो," केतो म्हणाली. "दुसऱ्यात होतो." तिने हात मांडीवर ठेवले. "मी सांगतो सगळं, मग तुम्ही ठरवा. आज त्या बाईंना सांगितलो नाही, पण घरात सांगतो. दुसऱ्या सिनेमात नदी होती. नायिकेचा नवरा मेला, ती रात्री कपडे काठावर काढून ठेवते आणि पाण्यात जाते. दिग्दर्शक म्हणाला, कपडे घालून कोण मरायला जातं? मला पटलं. मी गेलो. अंगावर काही नाही. नंतर सरकारी कमिटीने ते बघितलं आणि तो सगळा भाग जाळला, आणि पाच वर्षं मला काम दिलं नाही. पाच वर्षांनी एक लहानसं काम दिलं, आईचं. मग तेही नाही. म्हणून तीन सिनेमे. लग्नामुळे नाही." तिने शुभाताईंकडे सरळ पाहिलं. "पण मला त्याचा पश्चात्ताप नाही. ते माझं सगळ्यात चांगलं काम होतं. कुणी बघितलं नाही, पण होतं."

स्वरूपाने टेबलाखालून काकूचा हात धरला. सुरेखाला कळलं की आता आपण बोललो नाही तर पुन्हा कधीच बोलणार नाही, आणि ती बोलली. "वन्सं, मला चालतं हे," ती म्हणाली. "वहिनी आल्या नाहीत तर मीही मांडवात उभी राहणार नाही. मुलीची आई असले तरी."

वासुदेव बायकोकडे बघतच राहिला. पण शुभाताईंचं लक्ष सुरेखाकडे नव्हतं.

"आणि शरद?" त्यांनी विचारलं. "शरदला हे माहीत होतं?"

केतोच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा हसू आलं. "तो तिथेच होता. मॉस्कोहून शिकायला आलेला विद्यार्थी, फिल्मचे डबे सांभाळायचा. त्या दिवशी सगळ्यांना घालवलं, चारच माणसं ठेवली. दिग्दर्शक त्याला म्हणाला, तू पाठ करून उभा राहा. तर तुमचा भाऊ पाठ करून उभा राहिला. नंतर मी पाण्यात पुढे गेलो, कॅमेरा पुढे आला, आणि त्याला वाटलं आपण अजून लांब जायला हवं. न बघता मागे मागे चालत गेला. डब्यासकट नदीत पडला."

स्वरूपाने तोंडावर हात घेतला.

"त्याला मी बाहेर काढला," केतो म्हणाली. "मी तसाच होतो, आणि तो डोळे घट्ट मिटून माफी मागत होता. रशियन भाषेत, मग मराठीत. तेव्हा मला मराठी येत नव्हतं. फक्त कळलं, हा चांगला माणूस आहे."

शुभाताई हसल्या नाहीत. त्या खाली ताटाकडे बघत होत्या. पाठ करून उभा राहिलेला शरद त्यांना दिसत असावा. तो लहानपणीही असाच होता, बहिणीने कपडे बदलायचे म्हटलं की गच्चीवरच जाऊन बसायचा आणि हाक मारेपर्यंत खाली यायचा नाही. त्यांच्या डोळ्यांतून पाणी ओघळलं आणि त्यांनी ते पुसलं नाही.

"महिना कुठला होता?" त्यांनी विचारलं.

"मार्च."

"म्हणजे तिकडे थंडीच."

"बर्फ वितळलेलं पाणी होतं."

"अगं बाई. मग आजारी नाही पडलीस?"

त्या "पडलीस"मुळे सुरेखाने मान वर केली.

"पडलो," केतो म्हणाली. "दोघं पडलो. न्यूमोनिया. तीन आठवडे एकाच हॉस्पिटलात."

"तेव्हा त्याने खोकला झालाय एवढंच कळवलं होतं," शुभाताई म्हणाल्या. "आईने त्याला सुंठेच्या वड्या पाठवल्या होत्या."

"त्यातल्या अर्ध्या मी खाल्ल्या," केतो म्हणाली.

शुभाताईंनी डोळे पुसले, ताट पुढे ओढलं आणि भात कालवायला घेतला. दोन घास खाऊन झाल्यावर, वर न बघता, त्या म्हणाल्या, "डिसेंबरात पुण्यातही पहाटे गारठा असतो, वहिनी. मुहूर्त सकाळचा आहे. चांगला जाड स्वेटर घेऊन ये."